देवाचे नाव कोणत्या रकान्यात?

पाचोरा तालुक्यात देवस्थानच्या शेतावरून वाद निघतो तेव्हा दोन्ही बाजूंच्या हातात कागद असतात, आणि पुष्कळदा दोन्ही कागद खरे असतात. एकाच्या पिशवीत इंग्रजी अमदानीतल्या सनदेची नाहीतर इनाम पत्रकाची नक्कल असते. महादेवाच्या किंवा मारुतीच्या दिवाबत्तीसाठी, नैवेद्यासाठी ही जमीन माफीने चालवली आहे, असे तीत लिहिलेले असते. दुसऱ्याकडे सातबाऱ्याचे उतारे असतात. त्यांवर आजोबा, वडील, मुलगे अशी नावे सलग लागलेली असतात आणि पीकपाहणीलाही त्यांचीच वहिवाट दिसते. पारोळ्यात, एरंडोलात, तापीपलीकडे रावेर-यावलात, धुळ्याकडे, जिथे जिथे इनाम वर्ग तीनच्या, म्हणजे देवस्थानच्या, जमिनी आहेत तिथे वादाचा साचा थोड्याफार फरकाने हाच. गावातली चर्चा मात्र दोनच टोकांना फिरते. एक म्हणतो, पुजाऱ्यांनी देव लुटला. दुसरा म्हणतो, पिढ्यान्‌पिढ्या कसणाऱ्याला आता देवाच्या नावाने उठवायला निघालेत. दोन्ही बोलण्यांत तथ्य आहे, पण दोन्ही बोलणी जमिनीकडे पाहतात, दप्तराकडे पाहत नाहीत. माझे म्हणणे असे आहे, की यांतल्या बहुतेक जमिनी कुणी एका दिवशी बळकावल्या नाहीत. गेल्या पावणेदोनशे वर्षांत सरकारने वेळोवेळी जमिनीची चौकशी केली आणि दर वेळी आपल्या गरजेचा एकच प्रश्न विचारला: सारा कोण भरणार, माफी कुणाची, कसतो कोण, वारस कोण. जमीन कशासाठी दिली होती, हा प्रश्न एकदाच नीट विचारला गेला. त्याचे उत्तरही लिहून ठेवले गेले. पुढच्या प्रत्येक नोंदवहीने ते उत्तर थोडे थोडे मागे टाकले.

देवाला जमीन देणे म्हणजे नेमके काय देणे, हे समजायला खानदेशात लांब जावे लागत नाही. पाचोऱ्याहून चाळीसगावकडे जाणाऱ्या लोहमार्गावरच वाघळी लागते. तिथल्या शके ९९१ च्या लेखात यादवांचा मांडलिक, मौर्य कुळातला गोविंदराज, याने शिवमंदिर उभारल्याची हकीकत आहे. चाळीसगावच्या दक्षिणेला डोंगराच्या कुशीतल्या पाटण्याचा शके ११२८ चा लेख त्याहून बोलका. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांच्या ग्रंथांच्या अध्यापनासाठी मठ काढला आणि निकुंभ घराण्याच्या सोइदेवाने त्याला उत्पन्न लावून दिले. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी हा लेख एकोणिसाव्या शतकात विद्वानांपुढे आणला. त्याचा संस्कृत भाग स्तुतीचा आहे. खरा व्यवहार शेवटच्या जुन्या मराठीत येतो. बाजारात विकल्या जाणाऱ्या मालावर राजाच्या घरी जो हक्क जात होता तो मठाला, चालणाऱ्या घाण्यांमागे इतके तेल मठाला, मापही मठाचेच वापरायचे. दान काय आहे हे पाहा. त्यातला मोठा वाटा मातीचा नाही, उत्पन्नाचा आहे. राजा स्वतःचा वाटा सोडतो आणि तो एका कामाला लावून देतो. शेतकरी आपल्या जागी राहतो, बाजार आपल्या जागी राहतो. फक्त हक्काची दिशा बदलते. पुढे पेशवाईत देवस्थानांना मिळालेली पुष्कळशी इनामे याच वळणाची होती. काही ठिकाणी जमीनच दिली, काही ठिकाणी तिचा सारा माफ केला, काही ठिकाणी रोख वर्षासन बांधून दिले. तीन गोष्टी तीन तऱ्हेच्या, आणि त्या काळच्या माणसांना त्यांतला फरक सांगावा लागत नव्हता.

तो फरक जाणणारी माणसेच खानदेशातून उठून गेली. १८०२ नंतरची होळकर-शिंद्यांची धामधूम, लगेच आलेला १८०३-०४ चा दुष्काळ, भिल्लांचे हल्ले, गढ्या धरून बसलेले अरब शिबंदीवाले यांनी हा प्रांत इतका उजाड केला, की १८१८ मध्ये कॅप्टन जॉन ब्रिग्ज कारभार हाती घ्यायला आला तेव्हा ओस गावांची गणती मोठी होती. गाव उठले की कुलकर्ण्याचे दप्तरही उठते. त्याच वर्षी साताऱ्याच्या जाहीरनाम्यात एल्फिन्स्टनने वतने, इनामे, वर्षासने आणि देवस्थानांची नेमणूक चालवण्याचे वचन दिले. वचन राजकीय होते आणि ते बऱ्याच अंशी पाळले गेले. पण चालवायचे ते काय, हे खानदेशात कागदापेक्षा सांगोवांगीवर ठरले. पुण्याजवळच्या एखाद्या मोठ्या संस्थानाकडे पेशव्यांची मूळ सनद असे. खानदेशातल्या खेड्यातल्या देवळाकडे असे ती गुरवाची वहिवाट आणि चार म्हाताऱ्यांची साक्ष. पुढच्या गोंधळाचे मूळ इथे आहे, आणि ते लबाडीत नाही, कागदांच्या वाताहतीत आहे.

यानंतर आली इनाम कमिशनची चौकशी. महाराष्ट्राच्या आठवणीत इनाम कमिशन म्हणजे इनामे खाणारा राक्षस, आणि सरदार-इनामदारांच्या दृष्टीने ते खोटेही नाही. १८५७ च्या असंतोषाची कारणे सांगताना त्याचे नाव येतेच. दख्खन, खानदेश आणि दक्षिण मराठा मुलुख यांच्यासाठी झालेला १८५२ चा अकरावा कायदा इनामदाराकडून पुरावा मागत होता आणि पुरावा नसेल तर सारा बसवत होता. मात्र त्याच कायद्याच्या जोडपत्रातला एक नियम आजच्या वादात फार महत्त्वाचा आहे. ज्या देवळांचे, मशिदींचे किंवा तशा संस्थांचे कायमपण निःसंशय आहे त्यांच्या जमिनी कायम चालवाव्यात, मूळ दानपत्रात तसे स्पष्ट लिहिलेले नसले तरी चालवाव्यात, असा तो नियम होता. व्यक्तीच्या इनामाला पिढ्यांची मोजदाद, देवस्थानाला नाही. म्हणजे कंपनी सरकारने, आपला सारा वाचवायला निघालेल्या सरकारने, देवस्थानाचा हेतू हा हक्काचा स्वतंत्र पाया मानला. नियमात देवळाबरोबर मशीद आहे हेही ध्यानात ठेवण्यासारखे, कारण महसुली भाषेतले 'देवस्थान' कधीच एका धर्मापुरते नव्हते. याच १८५२ साली खानदेशात जमीन मोजणीविरुद्ध लोक उठले. सावदा, फैजपूर, एरंडोल भागात जमाव जमले आणि फौज आणावी लागली. मोजणी म्हणजे साऱ्याची वाढ, हे शेतकऱ्याने बरोबर ओळखले होते. दंगा मोडला, मोजणी झाली. सर्व्हे नंबर पडले, आकार बसला, आणि प्रत्येक नंबरापुढे एक नाव लिहिणे भाग झाले.

नाव कुणाचे लिहायचे? इनाम चौकशी सरकार आणि हक्क सांगणारा यांच्यातली होती. या जमिनीवर सरकारचा सारा लागतो की नाही एवढेच तिला ठरवायचे होते. देव आणि पुजारी यांच्यात मालक कोण, हा तिचा विषय नव्हता. जबाब द्यायला जो माणूस आला त्याचे नाव कागदावर चढले, आणि देव तर जबाब द्यायला येणार नव्हता. १८६३ च्या दुसऱ्या कायद्याने ज्याला ठरावबंदी म्हणतात ती झाली. पुराव्याची कटकट मिटवायची असेल तर इनामदाराने थोडी जुडी, म्हणजे सवलतीचा सारा, कबूल करावी, सरकार सनद देईल आणि जमीन खासगी मिळकतीसारखी विकता-गहाण ठेवता येईल, असा तो सौदा होता. देवस्थानच्या जमिनींना मात्र या सौद्यातली विक्रीची मुभा दिली गेली नाही. संस्थेपासून त्या वेगळ्या करता येणार नाहीत, असे बंधन राहिले. म्हणून वर्गीकरणात व्यक्तिगत इनाम वर्ग दोन आणि देवस्थान वर्ग तीन असे वेगळे खाते पडले आणि गावच्या दप्तरात दुमाला जमिनींची वेगळी नोंदवही राहिली, ती म्हणजे गाव नमुना तीन. गावोगाव सातबाऱ्याची नक्कल काढायला रांग लागते. नमुना तीन कुणी मागत नाही. आणि जमीन कशासाठी दिली याचे सर्वांत सरळ उत्तर बहुधा त्याच वहीत असते.

अधिकार अभिलेख हा याच्या पुष्कळ नंतरचा. १९०३ च्या कायद्याने तो मुंबई इलाख्यात आला आणि १९१३ मध्ये जमीन महसूल संहितेत सामावला गेला. आधीच्या दप्तराला सारा भरणारा हवा होता. या दप्तराला हक्क असणारा हवा होता, कारण सावकारी गहाणवटी, विक्री, वाटण्या यांचा गुंता सरकारला आणि न्यायालयांना आवरेना. हेतू चांगला होता. पण भरणाऱ्याची जुनी यादी हीच नव्या यादीचा पाया झाली. खेड्यातल्या देवस्थानाच्या शेताचे पुढे काय झाले ते एकेक पायरीने पाहिले की कळते. पहिली नोंद असते, 'श्री महादेव देवस्थान, वहिवाटदार अमुक'. वहिवाटदार वारतो. मुले तलाठ्याकडे अर्ज करतात, वारस नोंद होते, आणि फेरफारात 'मयताचे नाव कमी करून वारसांची नावे दाखल' असे लिहिले जाते. वहिवाट हा मिळकतीसारखा वारसाने जाणारा हक्क आहे की सेवेसोबत जाणारी जबाबदारी, हे तिथे कुणी विचारत नाही, कारण तलाठ्याकडचा छापील नमुना एकाच तऱ्हेच्या मृत्यूसाठी केलेला असतो. पुढच्या पिढीत भाऊ वेगळे होतात, वाटणीचा फेरफार होतो, शेताचे चार तुकडे चार नावांवर जातात. मग सातबारा नव्याने लिहिण्याची वेळ येते आणि नक्कल उतरवणारा 'श्री महादेव देवस्थान' हे शब्द इतर हक्कात ढकलतो, किंवा लांबलचक ओळीत जागा नाही म्हणून गाळतो. यातल्या प्रत्येक फेरफाराची नोटीस कायद्याप्रमाणे चावडीवर लागते, हितसंबंधितांना बजावली जाते, हरकतीची मुदत जाते आणि मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतो. पद्धतीत दोष काढायला जागा नाही. फक्त ज्याला हरकत घ्यायची तो देव आहे, आणि त्याच्या वतीने नोटीस घेणारा वहिवाटदार हाच अर्जदार आहे.

दप्तर असे चालले असताना न्यायालये दुसऱ्या दिशेने जात होती. डाकोरच्या रणछोडरायाच्या देवळातले सेवक देवापुढचे उत्पन्न आपले म्हणू लागले तेव्हा मुंबई उच्च न्यायालयाने १८८७ मध्ये देवस्थान ही स्वतंत्र कायदेशीर हस्ती मानली आणि सेवकांना हिशेबाला बांधले. १९२५ मध्ये कलकत्त्याच्या मलिक घराण्याच्या खटल्यात प्रिव्ही कौन्सिलने मूर्तीला स्वतःची इच्छा आणि स्वतःचे हित असणारी व्यक्ती मानून तोच विचार पुढे नेला. खानदेशाच्या शेजारचे उदाहरण नाशिकच्या व्यंकटेश बालाजीचे. मालेगाव-बागलाण हा मुलुख एके काळी खानदेशातच होता, तेव्हा हे शेजार नावापुरते नाही. बालाजीवाले गोसावी घराण्यातल्या वादात संस्थान खासगी की सार्वजनिक, हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. १९६० च्या निकालसंग्रहात छापलेल्या या निकालात न्यायमूर्ती हिदायतुल्ला यांनी सनदा, जुनी कागदपत्रे आणि घराण्याने पूर्वी वेळोवेळी दिलेल्या कबुल्या एकत्र वाचल्या आणि संस्थान सार्वजनिक धर्मादाय असल्याचे मानले. कबुली हा निर्णायक पुरावा नव्हे, पण ती चुकीची होती असे दाखवून दिले नाही तर तिच्यावर निकाल लागू शकतो, हे तत्त्व वकील आजही याच खटल्यातून सांगतात. मला या निकालात महत्त्वाची वाटते ती पुराव्याची पद्धत. न्यायालयाने सर्वांत ताजा कागद घेऊन मागे चालायला सुरुवात केली नाही. दान कुणी दिले, कशासाठी दिले, घेणाऱ्याने तेव्हा काय म्हटले, इथून ते पुढे आले. तहसील कार्यालयात नेमके उलट चालते. तिथे आजचा सातबारा खरा धरून, तो खोडून काढायचा भार जुन्या कागदावर टाकला जातो.

स्वातंत्र्यानंतरच्या कायद्यांनी आणखी दोन वह्या वाढवल्या. १९५० चा सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायदा आला आणि देवस्थानांनी धर्मादाय आयुक्तांकडे नोंदणी करून आपली मिळकत परिशिष्ट एकमध्ये लिहून द्यावी असे ठरले. आयुक्तांच्या पूर्वपरवानगीशिवाय विक्री नाही, शेतजमिनीचा दहा वर्षांवरचा पट्टा नाही. दुसरीकडे १९४८ च्या कूळ कायद्याच्या दुरुस्तीने १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन ठरला आणि कूळ मालक झाले. देवस्थानच्या जमिनीला सूट होती ती कलम ८८-ब ची. मात्र संस्था नोंदलेली हवी, सगळे उत्पन्न देवकार्यालाच खर्च होत असायला हवे आणि तसे जिल्हाधिकाऱ्यांचे प्रमाणपत्र हवे. शहरातल्या, वकील-मुनीम बाळगणाऱ्या संस्थानांनी हे सोपस्कार केले. खेड्यातल्या मारुतीच्या नावे दोन-तीन एकर असतील, तर त्या गुरवाला धर्मादाय आयुक्तांचे कार्यालय कुठल्या गावी आहे हेही माहीत असण्याचे कारण नव्हते. त्याच दशकात व्यक्तिगत इनामे, परगणा व कुलकर्णी वतने, कनिष्ठ वतने एकामागून एक खालसा झाली; देवस्थान इनाम तेवढे राहिले. खालसा करणाऱ्या कारकुनापुढे वर्ग दोन आणि वर्ग तीन यांतला फरक एका आकड्याचा होता आणि मधल्या वारस नोंदींनी तो आकडा पुष्कळ ठिकाणी पुसट केला होता. मग एकत्रीकरण योजनेत सर्व्हे नंबर जाऊन गट नंबर आले. जुन्या सनदेवरचा सर्व्हे नंबर आजच्या कोणत्या गटात, गटाच्या कोणत्या बाजूला, हे सांगायला भूमी अभिलेखाकडची जुळवणी काढावी लागते. ती न काढताच दावा लावला तर पहिल्याच सुनावणीत समोरचा वकील विचारतो, ही सनद या जमिनीचीच कशावरून? शेवटी संगणकीकरण आले. यंत्राने जे होते तेच टंकले. गळलेले नाव परत आणण्याचे काम त्याला सांगितलेच नव्हते.

यावर पहिला आक्षेप पुजारी घराण्यांचा, आणि तो हलका नाही. जमीन देवाला दिलेली नव्हतीच, आमच्या पूर्वजाला पूजेच्या मोबदल्यात दिली होती. पूजा आम्ही आजही करतो. मग ती आमचीच, असे ते म्हणतात. कायद्याने हा युक्तिवाद सरसकट फेटाळलेला नाही. १९३९ मध्ये भगवान दीन विरुद्ध गीर हर सरूप या खटल्यात प्रिव्ही कौन्सिलने, दान एका साधूला व्यक्ती म्हणून दिलेले असल्यामुळे, लोक देवळात दर्शनाला येत असूनही मिळकत सार्वजनिक मानली नव्हती. तेव्हा सगळे पुजारी अतिक्रमणदार, ही घोषणा कायद्यातही टिकत नाही आणि इतिहासातही. पण हा आक्षेप आपल्याला परत त्याच जुन्या कागदाकडे नेतो. दान देवाला, की सेवेच्या अटीवर व्यक्तीला, की निखळ व्यक्तीला, हे आजच्या सातबाऱ्यावरून कळत नाही. सनद, इनाम पत्रक आणि नमुना तीन यांवरून ते कळते. व्यक्तीचेच इनाम असते तर ते वर्ग दोनमध्ये गेले असते, त्यावर ठरावबंदीत जुडी बसली असती आणि १९५० च्या दशकात ते खालसा झाले असते. वर्ग तीनमध्ये नोंद राहिली आणि त्या नोंदीची माफी तीन-चार पिढ्यांनी उपभोगली, तर देवाचे म्हणून माफी घेतली आणि स्वतःचे म्हणून विकायला काढली, हा विसंवाद घराण्याला समजावून द्यावा लागतो. सेवेच्या अटीवर दिलेली जमीन असेल तिथे पूजा करणाऱ्या घराण्याचा उत्पन्नावरचा हक्क मी बिनशर्त मान्य करीन. गावकरी पूजेला हक्काने बोलावतात आणि गुरवाच्या पोटाचा विचार विश्वस्त मंडळ स्थापन झाल्यावर कुणालाच आठवत नाही, हे खेड्यातले वास्तव आहे. उत्पन्नावर हक्क असणे आणि प्लॉट पाडून विकणे यांत मात्र फरक राहतो.

दुसरा आक्षेप कसणाऱ्याचा. तो वहिवाटदाराचा वारस नाही. त्याच्या आजाने देवस्थानाकडून खंडाने जमीन घेतली, माळरान होते त्याची काळी केली, विहीर पाडली. कसेल त्याची जमीन हे तत्त्व देवळाच्या दारात का थांबावे? याला भावनेचे उत्तर देऊन चालणार नाही. विधिमंडळाने सूट दिली ती देवाचा मान म्हणून नव्हे, उत्पन्न सार्वजनिक कामाला लागते म्हणून दिली. ८८-ब ची अटच तशी आहे. तेव्हा ज्या देवस्थानाचे उत्पन्न देवकार्याला लागतच नव्हते, हिशेब नव्हते, नोंदणी नव्हती, तिथे कुळाने जमीन मिळवली असेल तर मला त्यात अन्याय दिसत नाही. आज वादात असलेल्या जमिनी मात्र पुष्कळदा कुळाच्या नसतात. त्या वहिवाटदाराकडून साठेखतावर, मुखत्यारपत्रावर, शंभर रुपयांच्या मुद्रांकावर तिसऱ्याने घेतलेल्या असतात, आणि गावाजवळच्या, रस्त्याकडेच्या असतात. जळगाव-पाचोरा-चाळीसगाव हा रस्ता रुंदावला तेव्हा त्याच्या कडेच्या एकराला जो भाव आला तो कपाशीने आणलेला नव्हता. कुळाच्या न्यायाचा दाखला देऊन प्लॉटच्या व्यवहाराचे समर्थन करणे म्हणजे कुळाच्या लढ्याचीच थट्टा आहे.

तिसरा आक्षेप वकिलांकडून येतो आणि वरवर पाहता तो माझ्या सगळ्या म्हणण्यातली हवा काढून घेतो. महसुली नोंदीने मालकी मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ च्या सवर्णी खटल्यापासून कितीदा तरी सांगितले आहे. मग सातबाऱ्यावर कुणाचेही नाव असो, देवाची मालकी जाते कुठे? तत्त्व म्हणून हे खरे. व्यवहारात महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचे कलम १५७ आडवे येते. विरुद्ध सिद्ध होईपर्यंत नोंद खरी मानायची, आणि विरुद्ध सिद्ध करायचे ते देवाच्या बाजूने. बँकेचे पीककर्ज, भूसंपादनाचा मोबदला, बिनशेतीचा अर्ज, दुय्यम निबंधकांपुढचा दस्त या सगळ्यांना नोंद पुरते. दिवाणी न्यायालयाचा निकाल येईपर्यंत पैसा वाटून झालेला असतो. शिवाय काळ देवालाही लागतो. देव कायमचा अज्ञान, त्याच्याविरुद्ध मुदत धावत नाही, अशी समजूत गावोगाव आहे. वकिलांच्या तोंडीही ती येते. न्यायालयांनी ती मान्य केलेली नाही, अयोध्या प्रकरणाच्या २०१९ च्या निकालातही नाही. विश्वस्तानेच मिळकत गिळली असेल तर मुदत कायद्याचे कलम दहा मदतीला येते. आधीच्या व्यवस्थापकाने मोबदला घेऊन तिसऱ्याला दिली असेल तर अनुच्छेद ९६ प्रमाणे बारा वर्षांची मर्यादा आहे. ती हस्तांतर करणाऱ्याचा मृत्यू, राजीनामा किंवा काढून टाकणे, अथवा नव्या व्यवस्थापकाची नेमणूक, यांपैकी जे नंतरचे त्यापासून मोजतात. तेव्हा नोंदीने मालकी जात नाही हे वाक्य अपुरे आहे. नोंद वेळ घालवते, आणि गेलेल्या वेळेने मालकी जाते.

मग नोंदीत देवाचे नाव कसे असावे? मध्य प्रदेश सरकारने १९९४ आणि २००८ च्या परिपत्रकांनी देवळांच्या जमिनींवरून पुजाऱ्यांची नावे काढायला सांगितली, त्यावरचा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला आणि सप्टेंबर २०२१ मध्ये निकाल लागला. मालकाच्या रकान्यात फक्त देवाचे नाव. कब्जाही देवाचाच, कारण पुजारी वा व्यवस्थापक त्याच्या वतीने तिथे असतो. पुजारी हा भूमिस्वामी नव्हे. निकाल ग्वाल्हेर संस्थानच्या जुन्या महसूल कायद्यापर्यंत मागे जातो, म्हणजे इथेही उत्तर शिंदेशाहीच्या दप्तरात सापडले. इतक्यावर आनंद मानणारे त्याच निकालाचा दुसरा भाग सांगत नाहीत. व्यवस्थापक म्हणून जिल्हाधिकाऱ्याचे नाव सगळ्याच देवळांना लावणे न्यायालयाने मान्य केले नाही. देऊळ सरकारकडे निहित असेल तिथेच ते चालेल, असे सांगितले. पुजारी घालवून सरकार बसवणे हा या प्रश्नाचा उलगडा नाही, हे त्यातून स्पष्ट होते. तिथला कायदा वेगळा, आपला वेगळा, तरी तत्त्व इथेही लागू पडण्यासारखे आहे.

महाराष्ट्रात २०२५ मध्ये नोंदणी विभागाने वर्ग तीनच्या देवस्थान जमिनींचे दस्त नोंदवताना हात आखडता घेण्याच्या सूचना दिल्या आणि देवस्थान इनामांचा कायमचा निकाल लावणाऱ्या कायद्याची चर्चा सुरू झाली. वर्ग बदलून जमिनी मोकळ्या कराव्यात असे एका बाजूला वाटते. एक इंचही जाऊ नये असे दुसऱ्या बाजूला. मला दोन्ही भूमिका घाईच्या वाटतात. जमीन कुणाची हे न ठरवता वर्ग बदलला तर १८६३ च्या ठरावबंदीत देवस्थानांना जी संरक्षणाची अट मिळाली होती ती आज आपण नजराणा घेऊन विकू. आणि सरसकट बंदी ठेवली तर खरे कूळ, खरा सेवेकरी आणि साठेखतवाला हे तिघे एकाच रांगेत उभे राहतात, त्यात नुकसान पहिल्या दोघांचे. काम त्या आधीचे आहे, आणि ते कंटाळवाणे आहे. प्रत्येक तालुक्यात नमुना तीन, इनाम पत्रक व सनदा, धर्मादाय आयुक्तांकडचे परिशिष्ट एक आणि आजचा सातबारा हे चार कागद गटवार एकमेकांशेजारी ठेवायचे. जिथे चारही जुळतात तिथे वाद नाही. जिथे नमुना तीनमध्ये देव आहे आणि सातबाऱ्यात नाही, तिथे तो कोणत्या फेरफाराने गेला तो क्रमांक शोधायचा. वारस नोंदीने गेला असेल तर एक उत्तर, कूळ कायद्याच्या कलम ३२-ग च्या आदेशाने गेला असेल तर दुसरे, नुसता उतरवताना गळला असेल तर लेखनप्रमाद दुरुस्तीचे कलम १५५ आहेच. परिशिष्ट एकमध्ये शेत आहे पण नमुना तीनमध्ये नाही, असेही निघेल. कारण नोंदणीच्या वेळी विश्वस्तांनी सांगितले ते लिहून घेतले गेले, आणि अशा ठिकाणी देवस्थानाने आपला दावा सोडायची तयारी ठेवली पाहिजे. यासाठी मोडी वाचणारी माणसे लागतील, अभिलेख कक्षातले रुमाल सोडावे लागतील, आणि एका तालुक्याला वर्ष-दोन वर्षे सहज जातील. पाचोऱ्यासारख्या तालुक्यापासून सुरुवात करायला हरकत नाही: देवस्थाने छोटी आहेत, जमिनी थोड्या आहेत, आणि भाव आत्ताच चढू लागले आहेत.